पडद्यावरचा मारेकरी आणि गार्डन रीच



1967 साली जाँ-पिएर मेलव्हिल या फ्रेंच दिग्दर्शकाचा 'ल सामुराई' आला. त्यात आलँ दलाँने जेफ कोस्तेलो हा सुपारी घेणारा मारेकरी साकारला. करडी खोली, पिंजऱ्यात एक पक्षी, बाहेर पडताना हॅटची कड सारखी करणारा हात. सुरुवातीला कितीतरी वेळ कुणी चकार शब्द बोलत नाही. मोटार चोरायची तर तो किल्ल्यांचा जुडगा मांडून एकेक किल्ली शांतपणे लावून पाहतो. शेवटी जिला मारायची सुपारी घेतली, त्या पियानोवादिकेवर तो रिकामे रिव्हॉल्व्हर रोखतो आणि पोलिसांच्या गोळ्या झेलतो. सुपारी मोडायची नाही, तिला मारायचेही नाही; या पेचातून त्याने काढलेली ही वाट.

चित्रपटाच्या आरंभी सामुराईच्या एकांतावर एक वचन झळकते, बुशिदोच्या, म्हणजे सामुराईंच्या आचारधर्माच्या, ग्रंथातले म्हणून. ते मेलव्हिलने स्वतःच रचलेले आहे. म्हणजे या मारेकऱ्याचा धर्मग्रंथच दिग्दर्शकाने लिहिला. ती कला थोरच आहे. पण मारेकऱ्याला लाभलेली प्रतिष्ठाही तिथूनच आली, हे विसरू नये.

कोलकात्याचाही एक एकटा मारेकरी आहे: 2012 च्या 'कहानी' चित्रपटातला बॉब बिस्वास, शाश्वत चटर्जींनी उभा केलेला सौम्य विमा एजंट. आता त्याच शहरातल्या गार्डन रीचला या. हुगळीकाठचा जहाजबांधणी कारखाना, दक्षिण पूर्व रेल्वेचे मुख्यालय, दाट वस्ती. 18 मार्च 1984 रोजी पोलीस उपायुक्त विनोद मेहता आणि त्यांचे अंगरक्षक मोख्तार अली यांना इथल्याच गल्ल्यांत जमावाने ठार केले. 'कहानी'च्या पुढच्याच वर्षी, 12 फेब्रुवारी 2013 ला, हरिमोहन घोष कॉलेजच्या विद्यार्थी निवडणुकीवरून उसळलेल्या हाणामारीत उपनिरीक्षक तापस चौधरी गोळी लागून गेले.

इथे कोस्तेलो कुठे आहे? इथे घोळके होते, गट होते. कुणाला नियमही नव्हता आणि एकांतही नव्हता. ज्याला आपण व्रत म्हणतो, पत्करलेले काम जिवावर बेतले तरी न सोडणे, ते या गल्ल्यांत मारणाऱ्यांनी नाही, मोख्तार अलींनी पाळले.

'ल सामुराई' जरूर पाहा, दोनदा पाहा. पण मारेकऱ्याच्या शिस्तीने भारावाल, तेव्हा मेहता, मोख्तार अली आणि तापस चौधरी ही तीन नावेही आठवा.