शेततळ्यातील माशांच्या उवा



माणसाच्या डोक्यात उवा होतात, गुराला गोचीड लागते, तशी माशालाही ऊ लागते. शास्त्रात तिला आरगुलस म्हणतात. मसुरीच्या दाण्याएवढी, चपटी, फिकट हिरवट, आरपार दिसणारी. माशाच्या अंगावर फिरते, सोंड खुपसून रक्त पिते. तिथं लाल ठिपका पडतो, पुढं जखम चिघळते. कटला, मृगळलाही लागते, पण रोहूवर तिचा राग फार.

मासे काठाशी, खुंटाला अंग घासू लागले, मधेच उसळी मारू लागले, खाद्य टाकलं तरी येईनात, की जाळं टाकून चार मासे हातात घ्या. कल्ल्यामागं, पंखांच्या बुडाशी नीट बघा. ऊ डोळ्यांना दिसते, भिंग लागत नाही.

शहरात काचेच्या पेटीत शोभेचे मासे पाळणारे एकेक ऊ चिमट्यानं काढतात. आपल्या तळ्यात हजार मासे, तिथं हे कसं जमायचं? तेव्हा अंडी गाठायची. मादी माशाला सोडून दगडावर, काठीवर, प्लॅस्टिकच्या कागदावर ओळीनं अंडी चिकटवते. कोमट पाण्यात ती दोन-तीन आठवड्यांत फुटतात, थंडीत वेळ लागतो. म्हणून पाण्यात आधीची पडलेली काटकी-कुटकी काढून टाका आणि बांबूच्या कामट्या किंवा जुन्या फळ्या उभ्या करा. मादी तिथंच अंडी घालील. दर आठव्या दिवशी त्या बाहेर काढा, खरवडा, कडक उन्हात वाळवा, पुन्हा लावा. एकदा करून भागत नाही, दोन-तीन महिने नेटानं करावं लागतं.

एका गृहस्थानं कपाशीवरचं उरलेलं औषध तळ्यात ओतलं. सकाळी उवा मेल्या होत्या आणि मासेही पांढरी पोटं वर करून तरंगत होते. तेच पाणी बैलं पितात, हेही त्याच्या ध्यानात नव्हतं. माशांसाठी औषध असतं, पण त्याचा डोस तळ्यातल्या पाण्याच्या मापावर ठरतो. मत्स्यव्यवसाय खात्याच्या अधिकाऱ्याला विचारल्याशिवाय बाटली उघडू नका. औषध दिल्यावर किती दिवस मासे विकायचे नाहीत, हेही तेव्हाच विचारून घ्या.

ऊ येते कुठून? बहुधा बोटुकलीबरोबर, नाहीतर मागून आणलेल्या ओल्या जाळ्याबरोबर. जाळं उन्हात खडखडीत वाळवूनच वापरा, मग ते सख्ख्या भावाचं का असेना. बोटुकली सोडण्याआधी 10 लिटर पाण्यात 300 ग्रॅम खडे मीठ विरघळवून तिला दोन-तीन मिनिटं त्यात ठेवा. मासा आडवा होऊ लागला तर लगेच चांगल्या पाण्यात घ्या.

उन्हाळ्यात तळं आटलं की मातीच्या तळ्याला भेगा पडेपर्यंत ऊन खाऊ द्या आणि गुंठ्याला दोन-अडीच किलो चुना पसरा. कागदाच्या तळ्याचा कागद कुंच्यानं घासून काढा, खराटा नको, कागद फाटेल.