ताप कशाचा? लघवी तपासा



आज बाळांच्या तापाविषयी बोलायचं आहे. ज्या तापाचं कारण वरून दिसत नाही, त्या तापाविषयी. सर्दी नाही, खोकला नाही, कान फुटलेला नाही, जुलाब नाहीत, आणि अंग मात्र चटका बसेल इतकं गरम. अशा वेळी घरातलं कुणी म्हणतं, "दात येतायत." कुणी म्हणतं, "दृष्ट लागली असेल, मीठ-मोहऱ्या ओवाळून टाका." आणि मूल शू करताना रडलं, तर ठरलेलंच, "उन्हाळी लागली, धन्या-जिऱ्याचं पाणी द्या."

धन्या-जिऱ्याच्या पाण्यावर माझा राग नाही. मोठ्या माणसाला त्यानं बरं वाटत असेल. पण लघवीत जंतू झाले असतील, तर ते या पाण्यानं मरत नाहीत. शिवाय सहा महिन्यांच्या आतल्या बाळाला आईच्या दुधाशिवाय साधं पाणीसुद्धा द्यायचं नसतं. म्हणून आज आपण लघवीतला संसर्ग कसा ओळखायचा, तपासणी कशी करायची आणि औषध कसं पुरं करायचं, ते समजून घेऊ. मी डॉक्टर नाही. तुमच्यासारख्याच गटात काम करते. डॉक्टरांकडे जायच्या आधी आणि तिथून आल्यावर आईनं काय करायचं असतं, तेवढं सांगणार आहे.

आधी हा आजार होतो कसा, ते पाहू. आपल्या शरीरात दोन मूत्रपिंडं लघवी तयार करतात. ती दोन नळ्यांतून खाली मूत्राशयात, म्हणजे लघवीच्या पिशवीत येते आणि तिथून बाहेर पडते. शौचात जे जंतू असतात, त्यांतला ई. कोलाय नावाचा जंतू बहुतेक वेळा या आजाराला कारण होतो. तो शौचाच्या जागेवरून लघवीच्या जागेपर्यंत येतो आणि वर चढतो. मुलींचा लघवीचा मार्ग आखूड असतो, म्हणून मुलींना हा आजार जास्त होतो. पण पहिल्या काही महिन्यांत मुलग्यांनाही तो तितकाच होतो. त्यामुळे "मुलगा आहे, त्याला कसलं होतंय" असं धरून चालू नका.

जंतू पिशवीपर्यंतच राहिले, तर जळजळ होते. ते मूत्रपिंडापर्यंत चढले, की ताप येतो. काही मुलांमध्ये जन्मतः एक दोष असतो. पिशवीतली लघवी खाली जाण्याऐवजी उलटी वर चढते. ताप येऊन असा संसर्ग झालेल्या मुलांपैकी साधारण चौथा ते तिसरा हिस्सा मुलांत हा दोष सापडतो. उपचाराला उशीर झाला किंवा संसर्ग पुन्हा पुन्हा झाला, तर मूत्रपिंडावर वण पडू शकतात. ते वण बाहेरून दिसत नाहीत. मूल खेळतं, शाळेत जातं, आणि पुढे मोठेपणी रक्तदाब वाढतो किंवा मूत्रपिंडाचं काम कमी होतं. म्हणून लहानपणीचा हा ताप अंगावर काढायचा नाही.

कशावरून ओळखायचं?

मोठं मूल सांगतं. शू करताना आग होते, पोटात खाली दुखतं, सारखं जावंसं वाटतं, थेंब थेंब होते. अंथरूण ओलं करायचं बंद झालेलं मूल पुन्हा ओलं करायला लागलं, तरी लक्ष द्या.

बाळाला सांगता येत नाही. त्याची लक्षणं वेगळी असतात. नुसता ताप असतो. दूध ओढत नाही, उलट्या करतं, किरकिर करतं, नाही तर गळून पडतं. वजन वाढत नाही. तान्ह्या बाळाची कावीळ लांबते. लघवीला घाण वास येतो, पण नुसत्या वासावरून काही ठरत नाही आणि वास नसला म्हणून आजार नाही असंही नाही.

दोन गोष्टी मात्र पक्क्या ध्यानात ठेवा. बाळ तीन महिन्यांच्या आतलं असेल आणि ताप १००.४ फॅरनहाइट किंवा जास्त असेल, तर घरी थांबायचं नाही. त्याच दिवशी, रात्र असली तरी, बालरोगतज्ज्ञ असलेल्या दवाखान्यात न्यायचं. आणि दोन वर्षांच्या आतल्या मुलाला दोन दिवस ताप आहे, कारण सापडत नाही, तर डॉक्टरांना स्वतःहून विचारा, "याची लघवी तपासायची का?" हा प्रश्न विचारायला लाजू नका. मूल सुस्त पडलं, झटके आले, सगळं उलटून टाकू लागलं किंवा बराच वेळ शू केलीच नाही, तर दोन दिवसांची वाट पाहू नका. मुलग्याची धार बारीक असेल, थेंब थेंब गळत असेल, तर ताप नसला तरी दाखवा.

तपासणी

सगळ्यात महत्त्वाचं सांगते. लघवीचा नमुना अँटिबायोटिक सुरू करायच्या आधी घ्यायचा असतो. आमच्या गटातल्या एका ताईच्या आठ महिन्यांच्या मुलीला ताप होता. तिची परवानगी घेऊन सांगते आहे. मेडिकलमधून कुणीतरी अँटिबायोटिकची बाटली दिली. दोन दिवस औषध पाजलं, ताप उतरला, औषध थांबवलं. चार दिवसांनी ताप पुन्हा आला. पुन्हा तीच उरलेली बाटली. तिसऱ्यांदा ताप आला तेव्हा तालुक्याला नेलं. तिथे लघवीचं कल्चर केलं, तर जंतू उगवलाच नाही, कारण औषध पोटात होतं. नेमका कोणता जंतू आणि त्याला कोणतं औषध लागू पडतं, हे कळायची संधी गेली. मुलीला दवाखान्यात ठेवून इंजेक्शनं द्यावी लागली. ती आता बरी आहे, पण सोनोग्राफीसाठी आणि पुढच्या तपासण्यांसाठी त्या ताईच्या फेऱ्या चालू आहेत.

नमुना कसा घ्यायचा? निर्जंतुक डबी प्रयोगशाळेतून घ्या. घरातली धुतलेली बाटली चालत नाही. आधी आपले हात साबणानं धुवा. बाळाची लघवीची जागा साध्या पाण्यानं स्वच्छ करा, मुलीची पुढून मागे. डेटॉल-सॅव्हलॉन लावू नका. डबीच्या आतल्या बाजूला बोट लागू देऊ नका आणि झाकण उपडं जमिनीवर ठेवू नका. पहिली धार सोडून द्यायची आणि मधली धार डबीत धरायची.

लहान बाळाची धार धरणं म्हणजे कसोटीच. दूध पाजून झाल्यावर वाट पाहा. ओटीपोटावर गार पाण्यात भिजवलेला स्वच्छ कापसाचा किंवा गॉजचा बोळा हलक्या हातानं गोल गोल फिरवा. ऑस्ट्रेलियातल्या डॉक्टरांनी एक ते बारा महिन्यांच्या बाळांवर ही युक्ती करून पाहिली आणि २०१७ साली तिचा अभ्यास छापून आला. पाच मिनिटांत शू करणारी बाळं शंभरात बारा होती, ती या युक्तीनं एकतीस झाली. म्हणजे दर वेळी जमेल असं नाही, पण करून पाहायला खर्च नाही.

काही ठिकाणी बाळाला चिकटपिशवी लावतात. त्या पिशवीत कातडीवरचे जंतूही उतरतात, म्हणून कल्चरसाठी ती भरवशाची नाही. डॉक्टर कधी बारीक नळी घालून लघवी घेतात. आईचा जीव कासावीस होतो, पण आजारी बाळाचं अचूक निदान करायला तीच खात्रीची पद्धत असते. घाबरून "नको" म्हणू नका.

नमुना तासाभरात प्रयोगशाळेत पोचला पाहिजे. बाहेर पडून राहिला, तर डबीतच जंतू वाढतात आणि नसलेला आजार दिसतो. म्हणून गाव लांब असेल, तर मुलाला घेऊन जा आणि नमुना तिथेच द्या.

तपासण्या दोन असतात. साधी तपासणी त्याच दिवशी कळते. तिच्यात पस सेल्स, म्हणजे पांढऱ्या पेशी पाहतात. पट्टी बुडवून नायट्राइटही पाहतात. बाळ वरचेवर शू करतं, लघवी पिशवीत थांबत नाही, म्हणून बाळांमध्ये नायट्राइट नाही आलं तरी आजार असू शकतो. दुसरी तपासणी कल्चरची. तिला दोन-तीन दिवस लागतात. त्या रिपोर्टवर जंतूचं नाव असतं आणि खाली औषधांची यादी. औषधापुढे 'एस' असेल तर ते लागू पडतं, 'आर' असेल तर पडत नाही. हा कागद जपून ठेवा. पुढच्या वेळी डॉक्टरांना तो लागतो.

औषध

मूल आजारी दिसत असेल, तर कल्चरला पाठवल्यावर डॉक्टर लगेच औषध सुरू करतात आणि रिपोर्ट आल्यावर गरज पडली तर बदलतात. तान्ह्या बाळांना आणि उलट्या करणाऱ्या मुलांना दाखल करून इंजेक्शन देतात. इतरांना तोंडानं औषध चालतं. ताप आलेला असेल, तर ते बहुधा सात ते दहा दिवस असतं. दोन-तीन दिवसांत ताप उतरतो. ताप उतरला म्हणून औषध बंद करायचं नाही, डॉक्टरांनी सांगितलेले दिवस पुरे करायचे. तीन दिवसांनीही ताप उतरला नाही, तर पुन्हा दाखवायचं.

भुकटीची बाटली असेल, तर पाणी उकळून गार करून खुणेपर्यंत घाला. दर वेळी हलवा. बाटलीबरोबर आलेल्या मापानंच द्या, स्वयंपाकघरातले चमचे लहान-मोठे असतात. उरलेलं औषध दुसऱ्या मुलासाठी ठेवू नका आणि जावेच्या मुलालाही देऊ नका.

ताप येऊन पहिल्यांदा संसर्ग झाला, की डॉक्टर मूत्रपिंडाची सोनोग्राफी सांगतात. पुन्हा झाला किंवा सोनोग्राफीत काही दिसलं, तर पुढच्या तपासण्या. मूल हसतं-खेळतं दिसतं म्हणून त्या टाळू नका. आणि एकदा हा आजार झालेल्या मुलाला नंतर कधीही कारण नसलेला ताप आला, तर लवकर लघवी तपासा.

खर्चाचं काय?

एक वर्षाच्या आतलं बाळ आजारी पडलं, तर जननी शिशु सुरक्षा कार्यक्रमात सरकारी दवाखान्यात तपासणी, औषध आणि वाहतूक मोफत आहे. महाराष्ट्रात १५ ऑगस्ट २०२३ पासून सार्वजनिक आरोग्य विभागाच्या दवाखान्यांत सगळ्यांनाच उपचार मोफत आहेत. तातडीची वेळ आली तर १०८ला फोन करा. तरीही गाडीभाडं, बुडालेली मजुरी, खाजगीतली सोनोग्राफी हा खर्च येतोच. आपल्या गटाच्या अंतर्गत कर्जात मुलांच्या आजारपणासाठी थोडी रक्कम हाताशी ठेवा आणि त्यासाठी पुढच्या बैठकीची वाट पाहायची नाही, असा ठराव करून ठेवा. पैशापायी दोन दिवस थांबायची पाळी कुणावर येऊ नये.

होऊ नये म्हणून

शी धुताना हात पुढून मागे न्यायचा, आणि मुलीला मोठी होताना तेच शिकवायचं. डायपर किंवा लंगोट घाण झाला की लगेच बदलायचा. मुलग्याची पुढची कातडी जोरानं मागे ओढायची नाही. सहा महिने निव्वळ आईचं दूध द्यायचं, तेही बाळाला सांभाळतं. मोठ्या मुलांची शी खडा होत असेल, तर त्यावर उपचार करा. भरलेलं आतडं लघवीच्या पिशवीवर दाब आणतं, ती पुरती रिकामी होत नाही आणि साचलेल्या लघवीत जंतू वाढतात. भाजी, फळं, भरपूर पाणी, आणि दर दोन-तीन तासांनी शू.

इथेच शाळेचा प्रश्न येतो. आपल्या मुली सकाळी शाळेत जातात आणि घरी येईपर्यंत लघवी दाबून ठेवतात. मुतारीला दार नसतं, पाणी नसतं, म्हणून त्या पाणीच पीत नाहीत. शिक्षण हक्क कायद्यानं मुलींसाठी वेगळी मुतारी असायलाच हवी आणि शाळा व्यवस्थापन समितीत निम्म्या महिला असल्याच पाहिजेत. त्या निम्म्या जागांवर आपल्याच बाया आहेत. समितीच्या बैठकीला नुसती सही करायला जाऊ नका. दाराची कडी, नळाचं पाणी आणि रोजची सफाई, हे तीन विषय लिहून घ्यायला लावा. तिथे दाद लागली नाही, तर ग्रामसभेत मांडा.

येत्या गटबैठकीत हा विषय पाच मिनिटं बोला. ज्यांच्या घरी दोन वर्षांच्या आतलं मूल आहे, त्यांना तीन महिन्यांची आणि दोन दिवसांची गोष्ट नीट समजावून सांगा. सासूबाईंनाही सोबत बसवा, कारण घरात ताप पहिल्यांदा त्याच पाहतात.