जबड्यातून कानात



आपल्या मध्यकर्णात हातोडी, ऐरण व रिकीब ही तीन चिमुकली हाडे असतात. यांपैकी पहिल्या दोहोंच्या जागी सरपटणाऱ्या प्राण्यांत जबड्याचा सांधा घडविणारी हाडे असतात, हे जर्मन शरीरशास्त्रज्ञ रायखर्ट यांनी १८३७ साली गर्भांच्या अभ्यासातून दाखविले. सुमारे २० कोटी वर्षांपूर्वीच्या मॉर्गन्यूकोडॉन या चिचुंद्रीएवढ्या प्राण्यात जुना व नवा असे दोन्ही सांधे एकत्र आढळतात. पुढे नव्याने भार पेलला आणि जुनी हाडे केवळ ध्वनिवहनासाठी मोकळी झाली.

परप्रांतात वाढणाऱ्या आमच्या मुलांची मराठी बदलली, याची आम्हांस खंत वाटते. परंतु ती मराठी आमच्या कानी पोहोचते, तीही स्थान आणि कार्य बदललेल्या या हाडांमुळेच!