हातकुऱ्हाडीला चेहरा नसतो

(नाशिक येथील भाषणाचा संपादित भाग)



मानवाच्या आरंभावर माहितीपट करावयाचा म्हटले, की पैसे घालणारा पहिल्याच बैठकीत विचारतो : कातडी पांघरलेली माणसे कोठून आणणार? आणि उत्तरही तोच देतो : पेठ-सुरगाण्याच्या पाड्यांवरून आणा, रंगरंगोटीचा खर्च वाचेल! हे वाक्य मी ऐकले आहे. त्यावर बैठकीत सारे हसले, हेही मी पाहिले आहे.

येथून जवळच गंगापूरला गोदावरीच्या गाळथरांत डॉ. ह. धी. सांकलिया यांना अश्मयुगीन हातकुऱ्हाडी व फरशा मिळाल्या; त्यांवरील ग्रंथ १९५२ साली डेक्कन कॉलेजने प्रसिद्ध केला. ती हत्यारे घडविणाऱ्याचे एकही हाड तेथे मिळालेले नाही. भारतात एवढ्या प्राचीन मानवाच्या कवटीचा अवशेष मिळाला तो १९८२ साली नर्मदाकाठी हाथनोरा येथे, अरुण सोनकिया यांना; आणि तोही अपुरा. मग गोदाकाठच्या त्या कारागिराला आपण कोणाचा चेहरा चढविणार?

शिवाय काळाचा हिशेब पाहा. याच परंपरेतील हत्यारे तमिळनाडूत अत्तिरमपक्कमला सुमारे १५ लाख वर्षांपूर्वीची असल्याचे २०११ मध्ये प्रसिद्ध झाले. आजच्या मानवाचे सर्वांत जुने ज्ञात अवशेष मोरोक्कोतले, सुमारे ३ लाख वर्षांपूर्वीचे. म्हणजे ही परंपरा सुरू झाली तेव्हा तुम्ही-आम्ही ज्या प्रजातीचे, ती जन्मासही आलेली नव्हती. त्या कारागिरापासून पाड्यावरचा माणूस जितका दूर, तितकाच तो पैसे घालणाराही दूर! पाड्यावरचा माणूस आपला समकालीन आहे, मतदार आहे, वनहक्काचा दावेदार आहे. त्याला अश्मयुगाचा अवशेष म्हणून पडद्यावर उभे केले, की त्याच्या जमिनीचा प्रश्नही लोकांना अश्मयुगातलाच वाटू लागतो.

मग दाखवावयाचे काय? त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या दादासाहेब फाळक्यांनी १९१२ साली वाटाण्याचे रोप उगवताना टिपले. अनेक दिवसांची वाढ क्षणांत दाखविली. दगड काही उगवत नाही, हे खरे. पण संशोधक आजही स्वतः दगडावर दगड मारून हातकुऱ्हाड घडवून पाहतात. कितीदा तरी ती मधूनच मोडते. मी त्यांचे हात टिपीन, कपच्या उडताना टिपीन, आणि मोडलेले दगडही कापून टाकणार नाही.