गाण्यातला धीर

(विहाराच्या वर्धापन दिनी झालेल्या भाषणाचा मजकूर)



कमिटीने मला विषय दिला आहे, 'भीमगीतांपासून मिळणारी प्रेरणा'. मी गायक नाही आणि प्राध्यापकही नाही. गिरणीत काम करता करता जे वाचलं, जे कानावर पडलं, त्यातलं थोडं आपल्यापुढे मांडतो.

पहिल्यांदा एका शंकेचं उत्तर देतो. काही उपासक विचारतात, अष्टशीलात गायन-वादनापासून दूर राहायला सांगितलं आहे, मग विहारात गाणी कशाला? बंधूंनो, तो नियम उपोसथाच्या दिवशी करमणुकीपासून मन आवरण्यासाठी आहे. गाण्यातून विचार सांगणं धम्माला वर्ज्य असतं, तर त्रिपिटकात थेरीगाथा आलीच नसती. त्यात पुण्णिका नावाची थेरी आहे. ती जन्माने दासी. कडाक्याच्या थंडीत नदीवर पाणी भरायला जायची. तिथे एक ब्राह्मण पाप धुण्यासाठी कुडकुडत डुबक्या मारत होता. तिने त्याला विचारलं, की पाण्याने पाप धुतलं जात असेल तर बेडूक आणि कासवं सगळी स्वर्गातच जातील ना? पाण्याने माणूस पवित्र होत नाही, हे एका दासीने गाथेत सांगितलं. आणि माणसाने पाणी बाटत नाही, हे बाबासाहेबांनी २० मार्च १९२७ रोजी महाडला दाखवून दिलं. आपल्या गाण्यांची परंपरा इतकी जुनी आहे.

बाबासाहेबांच्या चळवळीत हे काम जलशांनी केलं. नाशिकचे शाहीर भीमराव कर्डक आणि त्यांच्यासारखे अनेक शाहीर गावोगाव फिरले. तमाशाचाच बाज, पण गण-गवळणीच्या जागी शिक्षणाची, स्वाभिमानाची, महाडच्या आणि काळाराम मंदिराच्या सत्याग्रहाची गोष्ट. ज्याला वर्तमानपत्र वाचता येत नव्हतं त्याला चळवळ जलशातून कळली. सभेतलं भाषण माणूस ऐकून घरी जातो. गाणं मात्र त्याच्याबरोबर घरी येतं, जात्यावर बसतं, पाळण्यापाशी बसतं. बीड जिल्ह्यातल्या माजलगावच्या भीमनगरात १९९६ साली आपल्या आयाबहिणींच्या बाबासाहेबांवरच्या ओव्या अभ्यासकांनी ध्वनिमुद्रित केल्या. त्या ओव्या कुणी लिहून दिल्या नव्हत्या. बायांनीच रचल्या, बायांनीच जपल्या.

आता वामनदादांबद्दल थोडं विस्ताराने सांगतो. वामनदादा कर्डक यांचा जन्म १५ ऑगस्ट १९२२ चा, सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचा. मुंबईत आले, गिरणीत राबले, मिळेल ती मजुरी केली. शिवडीच्या बीडीडी चाळीत राहत असताना एकाने त्यांच्या हातात पत्र दिलं आणि म्हणाला, एवढं वाचून दाखव. वामनदादांना वाचता येईना. चांगला तरणाताठा माणूस, पण अक्षरओळख नाही! ती गोष्ट त्यांच्या मनाला फार लागली. देहलवी मास्तरांकडून ते बाराखडी शिकले. पुढे रस्त्यावरच्या दुकानांच्या पाट्या वाचत वाचत जोडाक्षरं शिकले. १९४३ साली त्यांनी पहिलं गाणं लिहिलं आणि २००४ मध्ये निधन होईपर्यंत त्यांची लेखणी थांबली नाही. हजारो गाणी लिहिली, हातात वाद्य घेऊन गावोगाव पायपीट केली.

भगिनींनो, ही गोष्ट आपल्या पोरांना सांगा. दहावीला नापास झालेला पोरगा कोपऱ्यात तोंड लपवून बसतो, त्याला सांगा. दुकानाच्या पाटीवर अक्षरं गिरवलेल्या माणसाच्या गीतांवर आज विद्यापीठात मुलं पीएच.डी. करतात. वामनदादांच्या गाण्यातून धीर मिळतो, कारण शब्दांच्या मागे तसं जगणं आहे.

आपल्या उपनगरातलंही सांगायला हवं. घाटकोपरच्या चिरागनगरात झोपडीत राहून अण्णाभाऊ साठे यांनी लेखन केलं. त्यांची 'फकिरा' कादंबरी त्यांनी बाबासाहेबांच्या लेखणीला अर्पण केली. त्याच घाटकोपरच्या रमाबाई नगरात ११ जुलै १९९७ रोजी बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली. लोक रस्त्यावर आले आणि राज्य राखीव पोलीस दलाच्या गोळीबारात आपली १० माणसं गेली. चार दिवसांनी, १५ जुलैला, मुलुंडच्या आपल्या झोपडीत शाहीर विलास घोगरे यांनी जीवन संपवलं. आयुष्यभर कष्टकऱ्यांची गाणी गायलेला हा शाहीर. त्या वेळी त्यांच्या डोक्याला निळं कापड बांधलेलं होतं. आनंद पटवर्धन यांच्या २०११ च्या 'जयभीम कॉम्रेड' या चित्रपटाची सुरुवात त्यांच्यापासूनच होते.

मला इथे थांबून एक गोष्ट बोलायची आहे. ज्याच्या गाण्याने हजारोंना धीर दिला, त्याला त्या चार दिवसांत धीर कोण देणार होतं? गाणं ऐकून आपण टाळ्या वाजवतो, नोट देतो आणि घरी जातो. गाणाऱ्याच्या घरी चूल पेटली का, त्याच्या मनात काय चाललंय, हे विचारायला जात नाही. दुसऱ्याला उभं करणारा माणूसही कधी खचतो. त्याच्या शेजारी जाऊन बसणं हाही धम्मच आहे. त्यालाच करुणा म्हणतात. आणि मंडळी, ही गोष्ट नुसती शाहिरांपुरती नाही. आपल्या चाळीत, आपल्या गल्लीत कुणी गप्प गप्प राहायला लागला, तर त्याचं दार वाजवा.

आता आजची स्थिती. चौदा एप्रिलला आपल्या मिरवणुकीत डीजेच्या भिंती लागतात. छाती धडधडते, खिडक्यांच्या काचा हलतात, पण शब्द एकही कळत नाही. मी तरुणांच्या नाचण्याच्या विरोधात नाही. वर्षातला एक दिवस त्यांचाही आहे. पण ज्या गाण्याने आपल्या बापजाद्यांना शाळेची वाट दाखवली, त्या गाण्याचे शब्दच ऐकू आले नाहीत तर प्रेरणा येणार कुठून? दुसरीकडे छत्रपती संभाजीनगरच्या कडूबाई खरात एकतारीवर गातात आणि मोबाईलवर लाखो लोक कान देऊन ऐकतात. तिथे भिंती लागत नाहीत. शब्द लागतात.

म्हणून या वर्धापन दिनी कमिटीपुढे तीन सूचना ठेवतो. दर रविवारी वंदनेनंतर एक गीत म्हणायचं, कवीचं नाव सांगायचं आणि त्याचा अर्थ मुलांकडूनच बोलून घ्यायचा. दुसरं, आपल्या वस्तीतल्या म्हाताऱ्या आयांना पाठ असलेल्या ओव्या आणि पाळणे महिला मंडळाने वहीत उतरवून ठेवायचे. त्या आया गेल्या की गाणीही जातील. तिसरं, कार्यक्रमाला बोलावलेल्या गायकाचं मानधन ठरल्याप्रमाणे त्याच रात्री द्यायचं आणि त्याला जेवल्याशिवाय पाठवायचं नाही.

शाहीर विठ्ठल उमप यांना २०१० साली नागपुरात कार्यक्रमाच्या मंचावरच मरण आलं. अशा माणसांनी हा वारसा आपल्या ओटीत घातला आहे. तो गाण्यात जपू, तसाच वागण्यातही जपू, एवढं बोलून मी आपली रजा घेतो.

नमो बुद्धाय. जयभीम.