जोडीचे गाणे आणि वहीतला हिशेब



शेर म्हटले की आपल्याला एक तर वनराज आठवतो, नाही तर जुन्या मापातला शेर. परंतु आज आम्ही ज्या शेरविषयी बोलणार आहोत, ती एक अमेरिकन गायिका आहे. तिचे मूळ नाव शेरिलिन सार्किसियन. जन्म 20 मे 1946 रोजी, कॅलिफोर्नियातील एल सेंट्रो या गावी. वडील आर्मेनियन वंशाचे. दूरचित्रवाणीवर गाजलेल्या ‘सनी अँड शेर’ या जोडीतील ती एक. तिच्या गाण्यांची जंत्री देण्याचा आमचा हेतू नाही. दोघांनी मिळून गाणे उभे केले, तर त्यात कोणाचे किती, एवढा एकच प्रश्न आम्हांस विचारावयाचा आहे; आणि त्यासाठी या बाईच्या चरित्राइतकी चांगली जागा आम्हांस दिसली नाही.

1962 साली तिची आणि सनी बोनोची गाठ पडली, तेव्हा ती सोळा वर्षांची होती आणि तो सत्तावीस. सनी त्या वेळी फिल स्पेक्टर या ध्वनिमुद्रिका-निर्मात्याकडे काम करीत असे. त्याने तिला स्टुडिओत नेले आणि ती मागच्या रांगेत कोरसमध्ये गाऊ लागली. तिने एकटीने पुढे यावे अशी सनीची इच्छा होती. परंतु एकटीने रंगमंचावर उभे राहावयाचे म्हटले की तिला धडकी भरे. तो शेजारी असला, त्याच्याकडे पाहत गाता आले, की आवाज मोकळा सुटे. म्हणजे ही जोडी जन्मास आली ती हिशेबातून नव्हे, भीतीतून. 1965 साली सनीने रचलेले ‘आय गॉट यू बेब’ हे दोघांचे गाणे अमेरिकेत आणि इंग्लंडात, दोन्हीकडे पहिल्या क्रमांकावर गेले. हे ऋण मोठे आहे. पुढे आम्ही जे सांगणार आहोत, ते ऐकताना श्रोत्यांनी ते विसरू नये.

लोकप्रियतेची भरती आली तशी ओसरलीही. 1969 साली काढलेला चित्रपट कोसळला, करखात्याचे देणे डोक्यावर बसले आणि दोघांना रात्रीच्या क्लबांतून गाण्याची पाळी आली. तेथे श्रोते गाण्याकडे लक्ष देत ना. तेव्हा शेर दोन गाण्यांच्या मध्ये सनीची टर उडवू लागली, आणि आश्चर्य असे की लोक कान देऊ लागले. याच गमतीवर 1971 साली सी. बी. एस. या कंपनीने त्यांना दूरचित्रवाणीवर आणले. गाणी, नकला, छोटे विनोदी प्रवेश असा तो संमिश्र कार्यक्रम होता. आरंभी दोघे पुढे येऊन बोलत. सनी काही बढाई मारी आणि शेर एका वाक्यात त्याची हवा काढून घेई. शेरास सव्वाशेर म्हणतात, तसा तो प्रकार! घरोघरी लोक हसत आणि म्हणत, या घरात राज्य बाईचे दिसते.

राज्य कोणाचे होते, ते कागदावर लिहिलेले होते. जोडीचा सारा व्यवहार ‘शेर एंटरप्रायझेस’ या कंपनीमार्फत चाले. नाव शेरचे, परंतु कंपनीत सनीचे 95 टक्के आणि उरलेले 5 टक्के वकिलाचे. शेर ही त्या कंपनीची नोकर! 2024 साली प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात तिने स्वतःच हे नमूद केले आहे. रंगमंचावर सव्वाशेर असलेली बाई कागदावर पावशेरही नव्हती. तिने करार वाचला नव्हता. नवऱ्याने पुढे केलेला कागद आहे, तो काय वाचावयाचा, असे तिला वाटले असल्यास नवल नाही. तसे वाटणारे लोक आपल्याकडेही पुष्कळ सापडतील.

1974 साली दोघे वेगळे झाले. घटस्फोटाच्या अर्जात तिने या कराराचे वर्णन इच्छेविरुद्धची गुलामी अशा शब्दांत केले. कार्यक्रमही बंद पडला. मग जे घडले ते मोठे बोधप्रद आहे. सनीने दुसऱ्या कंपनीकडे स्वतःचा कार्यक्रम काढला; तो काही आठवड्यांतच गुंडाळावा लागला. शेरने 1975 साली आपला एकटीचा कार्यक्रम काढला. तोही वर्षभरात संपला. अखेर 1976 साली घटस्फोट झालेले हे दोघे पुन्हा एकत्र उभे राहिले आणि 1977 पर्यंत त्यांनी तो संसार, पडद्यापुरता, चालविला. जोडीत काहीतरी असे असते की जे दोघांपैकी कोणा एकाचे नसते. ते मधल्या जागेत राहते. ते वाटून घेता येत नाही.

परंतु माणसाला उभे राहावयाचे असते ते स्वतःच्या पायांवर. 1982 साली शेर न्यूयॉर्कच्या रंगभूमीवर रॉबर्ट ऑल्टमन यांच्या दिग्दर्शनाखाली नाटकात उतरली. 1983 च्या ‘सिल्कवुड’मध्ये तिने काम केले आणि 1987 च्या ‘मूनस्ट्रक’साठी तिला पुढच्या वर्षी सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचे ऑस्कर मिळाले. एकटीने उभे राहण्यास भिणारी ती मुलगी हीच!

गाण्याकडे वळू. 1974 च्या मार्चमध्ये तिचे ‘डार्क लेडी’ अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर होते. त्यानंतर असे दुसरे गाणे आले ते 1999 च्या मार्चमध्ये, पंचवीस वर्षांनी. ‘बिलीव्ह’ त्याचे नाव. तेव्हा ती बावन्न वर्षांची होती. हे गाणे लंडनमध्ये तयार झाले आणि त्यात एक नवे तंत्र होते. आपल्या गवयाचा गळा एका सुरावरून दुसऱ्या सुरावर जाताना मधली वाट चालून जातो. तीस आपण मींड म्हणतो. 1997 साली ‘ऑटो-ट्यून’ नावाची प्रणाली निघाली. घसरलेला सूर जागेवर आणणे हे तिचे काम. ती किती वेगाने करावयाचे ते ठरविता येते. तो वेग अगदी टोकाला नेला की मधली वाटच नाहीशी होते आणि आवाज पायरीवरून पायरीवर उड्या मारू लागतो. ‘बिलीव्ह’मध्ये नेमके हेच केले होते. कंपनीस ते पसंत नव्हते. शेरने मात्र ते काढू देण्यास साफ नकार दिला. नवऱ्याने दिलेला कागद न वाचणारी बाई आता आपल्या आवाजाचा निर्णय स्वतः घेत होती, हे आम्हांस त्या तंत्राहूनही महत्त्वाचे वाटते.

त्याच 1998 सालच्या आरंभी, 5 जानेवारीस, सनी बर्फावर घसरण्याचा खेळ खेळताना झाडावर आदळून मरण पावला. तो तेव्हा अमेरिकन काँग्रेसचा सभासद होता. अंत्यविधीच्या वेळी शेरने भाषण केले आणि ती रडली. पुढे अमेरिकेने लेखनहक्काची मुदत वीस वर्षांनी वाढविणारा कायदा केला. त्यास सनीचेच नाव देण्यात आले.

आता शेवटचा अंक. घटस्फोटानंतर 1978 साली दोघांत करार झाला होता की, एकत्र असतानाच्या गाण्यांचे उत्पन्न निम्मे निम्मे घ्यावयाचे. 1976 च्या कायद्याने रचनाकाराच्या वारसांस, एकदा देऊन टाकलेले हक्क ठराविक वर्षांनी परत घेण्याची मुभा आहे. सनीच्या विधवा पत्नीने ती वापरली आणि शेरचा निम्मा वाटा त्याबरोबरच संपला, अशी भूमिका घेतली. 2021 साली शेर न्यायालयात गेली. मे 2024 मध्ये लॉस एंजेलिसच्या संघीय न्यायालयाने निकाल दिला की, तिचा वाटा करारातून आलेला आहे. हक्क परत घेतल्याने तो बुडत नाही. ज्या कागदाने तिला एकदा नोकर केले, त्याच जातीच्या कागदाने सेहेचाळीस वर्षांनी तिला तारले!

कोणी म्हणेल, ज्याच्यासाठी रडली त्याच्याच घरच्यांशी कज्जा कसला? आम्हांस यात विसंगती दिसत नाही. कृतज्ञता आणि हिशेब या दोन वेगळ्या वह्या आहेत. पहिलीत लिहावयाचे ते दुसरीत लिहिले की माणूस नोकर होतो; दुसरीतले पहिलीत लिहिले की तो कोरडा होतो. सनीने तिला रंगमंचावर उभे केले, हे खरे. त्या उपकाराची किंमत 95 टक्के नव्हती, हेही तितकेच खरे. शेरने दोन्ही वह्या वेगळ्या ठेवल्या. मात्र ते शिकण्यात तिची ऐन उमेदीची वर्षे गेली.

या सभेत बसलेल्या तरुण मंडळींपैकी कोणी उद्या कोणाबरोबर गातील, नाटक करतील, दुकान काढतील, संसार तर बहुतेक मांडतीलच. त्यांना आमचे एवढेच सांगणे आहे : शेजारच्या माणसाकडे पाहून खुशाल गावे, त्याने आवाज मोकळा होतो, परंतु सही करताना कागदाकडे पाहावे.