चार पुरस्कार, चार दिग्दर्शक



पुण्यात प्रभात स्टुडिओच्या जागेवर १९६० साली चित्रपटशिक्षणाची संस्था सुरू झाली. तिथून १९६६ साली छायालेखन शिकून के. के. महाजन बाहेर पडले. छायालेखकाचा पेशा तसा परावलंबी. कथा एकाची, पैसा दुसऱ्याचा, पोस्टरवर नाव तिसऱ्याचं. अशा धंद्यात माणूस स्वतंत्र राहतो तो कुणाबरोबर काम करायचं हे ठरवून. महाजनांनी ते ठरवलं.

मृणाल सेन यांचा ‘भुवन शोम’ (१९६९) फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कर्जावर उभा राहिला. भव्य सेट परवडणार नव्हतेच. सौराष्ट्रातली वाळू, मोकळं आकाश, उत्पल दत्त आणि पहिल्यांदाच पडद्यावर आलेली सुहासिनी मुळे एवढ्यावर महाजनांनी चित्रपट टिपला.

मणि कौल यांचा ‘उसकी रोटी’ (१९७०) याच्या अगदी उलट. बसड्रायव्हर नवऱ्याची भाकरी घेऊन बायको रस्त्यावर थांबते, एवढंच कथानक. लेन्स दोनच, २८ आणि १३५ मिलिमीटरच्या. पहिलीत जवळचं-लांबचं सगळं स्पष्ट दिसतं, दुसरीत फोकस बोटभर जागेवर टेकतो. सुरुवातीला एक प्रत्यक्षासाठी आणि दुसरी मनातल्या जगासाठी वापरली. पुढे हा नियम दिग्दर्शकानेच मोडला. अशा चित्रपटात फोकस चुकला तर अर्थच चुकतो.

लगेच सेन यांच्या ‘इंटरव्ह्यू’त हेच महाजन कॅमेऱ्यासह पडद्यावर दिसतात! ट्राममधला नायक थेट प्रेक्षकांशी बोलू लागतो आणि त्याचं चित्रण करणारा माणूसही आपल्याला दाखवला जातो.

बासू चटर्जींच्या ‘छोटी सी बात’मध्ये मात्र कॅमेरा अंग चोरून उभा आहे. मुंबईचा बसस्टॉप, रांग, ऑफिस आणि अमोल पालेकरांचा बुजरा चेहरा. छायालेखन इथे जाणवतसुद्धा नाही.

महाजनांना छायालेखनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले: चटर्जींचा ‘सारा आकाश’, कौल यांचा ‘उसकी रोटी’, कुमार शहानींचा ‘माया दर्पण’ आणि सेन यांचा ‘कोरस’. तीन कृष्णधवल, एक रंगीत. चारही दिग्दर्शक वेगळे. त्यांत ‘महाजन लूक’ शोधू गेलात तर हाती लागणार नाही. छायालेखनाच्या पदवीधरांनो, तुमची शोरील पाहून ‘तुमची स्टाइल कोणती?’ असं विचारणारे निर्माते भेटतील, तेव्हा ही यादी आठवा.

पोटापाण्यासाठी जाहिराती करा, लग्नं शूट करा. त्यात कमीपणा नाही, घरभाडं निघतं आणि हातही चालता राहतो. पण एक काम आजच उरका. कौल आणि शहानी दोघंही पुण्याच्या त्याच संस्थेत शिकले होते. इथे तुमच्या मागच्या रांगेत दिग्दर्शनाचे पदवीधर बसले आहेत. समारंभ संपला की चहाच्या टेबलापाशी त्यांना गाठा आणि त्यांच्या पटकथा वाचायला मागा.